लाख वाती आणि आखडलेली बोटं

आमचा जिल्हा मध्य प्रदेशातून मुंबई राज्यात गेला, त्या वर्षी माझी बोटं आखडायला लागली. पुढे महाराष्ट्र झाला, तरी बोटं काही सरळ झाली नाहीत. भाकरी थापताना डोळ्यांत पाणी यायचं. लेप झाले, काढे झाले, यवतमाळचे डॉक्टरही झाले. शेवटी चिडून मी आमच्या बोरी गावच्या महादेवापुढे उभी राहिले आणि नवस बोलले, की स्वतःच्या हातांनी लाख वाती वळून त्रिपुरी पौर्णिमेला तुझ्यापुढे लावते, तू एवढी बोटं सोडव. दुखऱ्या बोटांच्या आरामासाठी बोटांनाच कामाला जुंपण्याचं शहाणपण माझंच.

पौर्णिमा आठ दिवसांवर आली तेव्हा निम्म्याही वाती झाल्या नव्हत्या. बोटं सुजून उघडेनात. यजमान म्हणाले, "आण इकडे, मी वळतो." मी त्यांच्यावरच खेकसले. नवस माझा, तर हातही माझेच हवेत. अर्धवट नवसाचा कोप होऊन हात कायमचे जातील, या भीतीने मला घास उतरत नव्हता.

त्याच दिवसांत गादी पिंजायला एक अनोळखी म्हातारा पिंजारी अंगणात आला. मी ओसरीवर वाती वळता वळता रडत होते. कापूस पिंजायची धनुकली थांबवून त्याने विचारलं, "काहून रडून राह्यली, माय?" मी सगळं सांगून टाकलं. त्याने आपले हात पुढे केले. त्याचे सांधे माझ्याहून जास्त सुजलेले होते.

"माह्ये गुडघे तं दोन सालापासून वाकत नाई," तो म्हणाला. "मी बसूनच नमाज पढतो. तो मालक हाय माय, हजेरी घ्यायले मुकादम थोडाच हाय?"

मग त्याने सरकी तव्यावर गरम करून फडक्यात बांधायला लावली. गाईसाठी घरात पोतंभर सरकी होती आणि तिचा शेक घेणं मला कधी सुचलं नव्हतं. तासाभराने बोटं जराशी उघडली. जाताना त्याने मऊ पिंजलेला मूठभर कापूस ओसरीवर ठेवला. "देवाले," एवढंच म्हणाला. संध्याकाळी यजमान शेजारी बसून वाती वळू लागले, तेव्हा मी त्यांना अडवलं नाही.

पौर्णिमेला देवळात सरळ सांगितलं, "महादेवा, एवढ्याच झाल्या. काही ह्यांनी वळल्यात, थोडा कापूस पिंजाऱ्याचा आहे." वाती पेटल्या आणि मला हुंदका आला. कित्येक महिन्यांनी छातीवरचं ओझं उतरलं होतं.

तो पिंजारी पुन्हा आमच्याकडे आला नाही. त्याला कोणी पाठवलं, हे मी कुणाला विचारत बसले नाही. बोटं अजून दुखतात, थंडीत जास्तच. सरकीचा शेक घेते, जमेल तेवढं करते, उरलेलं महादेवावर सोपवते. रोज एक वात लावते. कधी माझ्या हातची, कधी यजमानांच्या. लाख भरल्या की नाहीत, ठाऊक नाही. मोजणं मी केव्हाच सोडलं, आणि त्यानेही कधी हजेरी मागितली नाही.