रेवाचं जावळ

सिंगापूरला निघाले त्या दिवशी आईने विमानतळावर, सगळ्यांदेखत, माझी वेणी सोडून पुन्हा घट्ट घातली. "तिथे अवतारात फिरू नकोस. आणि उन्हात हिंडू नकोस, आधीच आपला रंग उजळ नाही." मी तिच्या गळ्यात पडून रडले.

पुढे तिथल्या वन-नॉर्थ भागातल्या ऑफिसात क्वामे भेटला. तो घानाचा. लग्न झालं, सिंगापूरातच पुंगोलला संसार मांडला, रेवा झाली. तिचे केस बापासारखे, दाट आणि बारीक कुरळे. दर रविवारी दुपारी क्वामे तिला पुढ्यात घेऊन बसायचा, केस ओले करून बोटांनी गुंता सोडवायचा आणि बारीक बारीक वेण्या घालायचा. त्याच्या आईने त्याच्या बहिणींना अशाच घातल्या होत्या. रेवा मान डोलवत डोलवत तिथेच झोपून जायची.

पुण्याच्या तुम्ही सगळ्या मैत्रिणी फोटो बघून लिहायचात, "गोड आहे गं, पण केसांचं काहीतरी कर." पोरीच्या डोक्यात जणू खरूज झाली होती!

मग आई राहायला आली. रेवा तेव्हा पाच वर्षांची. आम्ही ऑफिसात असताना आईने तिला खालच्या सलूनमध्ये नेऊन चक्क गोटा करून आणला.

"जावळ राहिलंच होतं तिचं," आई म्हणाली. "दोन-तीनदा गोटा केला की सरळ येतात. चांगल्यासाठीच केलं ना मी?"

जावळ मामाच्या मांडीवर बसवून काढतात, औक्षण करतात, घरात गोडधोड होतं. हे कसलं जावळ? पोर आमच्यासारखी दिसत नाही, एवढंच तिला खुपत होतं. दुसऱ्याच दिवशी मी आईचं परतीचं तिकीट काढलं. त्या रविवारी क्वामे दुपारभर सोफ्यावर नुसता बसून राहिला.

केस आले, पहिल्यासारखेच कुरळे. रेवा रोज शाळेच्या आधी आरशासमोर एखादी बट ओढून बघते. परवा इथल्या पोरांच्या इंग्रजीत म्हणाली, "मम्मा, स्टिल नॉट स्ट्रेट लाह. शेव्ह अगेन, कॅन?"

आणि तुम्ही विचारता, घरी कधी येणार. जिथे माझ्या लेकीला स्वतःच्या डोक्याची लाज वाटत नाही, ते माझं घर. असं घर मला होतं, पुंगोलला. आई ते मोडून गेली.