कार्नेशनचा गुच्छ

मार्त केरुएलच्या आरशासमोर त्या सकाळी पांढऱ्या कार्नेशनचा गुच्छ होता. ती मेकअपच्या खोलीच्या दारातच थबकली.

मागून जिनेत आली. ही मेकअपवाली, मार्तची जुनी मैत्रीण. फुलं दिसताच तिनं पावडरची डबी खाली ठेवली.

"कुणी आणली ही अवदसा?"

मार्तनं तिच्या ओठांवरून प्रश्न ओळखला. "मी आले तेव्हा होतीच."

पॅरिसच्या नाटकवाल्यांची जुनी रीत अशी, की हंगाम संपला की मालक ज्या नटीला ठेवणार तिला गुलाब पाठवी आणि जिला नारळ द्यायचा तिला बिनकाट्याची कार्नेशन, कारण ती स्वस्त पडत. पॅरिसजवळच्या जोइनव्हिलच्या या स्टुडिओतली निम्मी माणसं नाटकातूनच आलेली. दिग्दर्शक ब्रिसारही. सिनेमात येताना त्यांनी बाकी सगळं मागं टाकलं, ही भीती तेवढी बरोबर आणली.

मार्त एल्बफ गावच्या एका विणकराची मुलगी. फिरत्या नाटक कंपनीतून ती बोलपटांत आली, ती हातात तबक घेऊन "बाईसाहेब, पानं वाढलीत" एवढं म्हणायला. मग ती मोलकरीण झाली, धोबीण झाली, विधवा मावशी झाली आणि वय उतरल्यावर इमारतीची दरवानीण. नायिका बदलल्या, युद्ध येऊन गेलं, मार्त झाडू घेऊन जिन्याशी उभीच. लोकांना तिचा चेहरा ठाऊक, नाव नाही. भाजीवाली विचारायची, "तुम्ही आमच्या चुलतबहिणीच्या शेजारी राहायच्या का हो?"

गेल्या काही हिवाळ्यांत तिचा डावा कान गेला होता. आता उजवाही चालला होता. हे फक्त जिनेतला माहीत. मार्त समोरच्याचेही संवाद पाठ करी आणि त्याच्या ओठांवर डोळा ठेवून आपलं वाक्य सोडी. नायक कौतुकानं म्हणायचा, "मावशी कशा बघतात हो, आरपार."

पण सोमवारच्या शॉटमध्ये ती भांडी घासत असणार होती, जिन्याकडे पाठ करून. नायक खाली येऊन विचारणार, "माझं टपाल?" आणि तिनं मागं न वळता म्हणायचं, "तुम्हाला कोण लिहिणार?" नायक जिना उतरताना मनाला येईल तिथं थांबणारा, त्यामुळे अंदाजही बांधता येईना. त्याचे ओठ दिसणार नव्हते.

"ब्रिसारसाहेबांना कळलंय," ती म्हणाली.

"कसं कळेल? मी मेले तरी बोलायची नाही."

"मग ही फुलं?"

जिनेतनं गुच्छ वर्तमानपत्रात गुंडाळला, बोट लागू न देता. "जेवायच्या सुट्टीपर्यंत थांब तरी."

"तोवर समोरच्या कॅफेत बोभाटा होईल. हाकलून देण्याआधी मीच सांगते."

ब्रिसार सेटवर पाइप चावत उभा होता. पाइपमुळे त्याचे ओठ वाचणं कठीण. मार्तनं वाट पाहिलीच नाही.

"साहेब, फुलं पोचली. माझे कान गेलेत हे तुम्ही ओळखलंत. एवढा सिनेमा पुरा करू द्या."

दिव्यांवरची माणसं हातातलं काम सोडून बघू लागली. ब्रिसारनं पाइप काढला.

"मार्तबाई, मला काहीच ठाऊक नव्हतं. कसली फुलं?"

तेवढ्यात नायिका रडवेली होऊन आली. तिच्याही हातात कार्नेशनच. सिनेमात नव्यानं पैसे घालणारा ल्यों शहरचा एक सॉसेजवाला होता. त्यानं शुभेच्छा म्हणून सगळ्या नट्यांना सकाळी फुलं धाडली होती. नाटकाचं त्याला काय कळणार. फुलवालीकडे त्यानं टिकाऊ फुलं मागितली, तिनं ही दिली.

वर्षानुवर्षं जपलेलं गुपित मार्तनं स्वतःच ओकून टाकलं होतं.

"म्हणजे सोमवारी मला न सांगताच उभ्या राहणार होतात?" ब्रिसारनं विचारलं.

"हो, साहेब."

"घरी जा आता."

काढलं की ठेवलं, हे मार्तला कळलं नाही. घरी ती जिन्याचं दार सताड उघडं टाकून, दाराकडे तोंड करून बसली. स्टुडिओचा निरोप आला असता, तर दरवानिणीनं खालूनच हाक मारली असती आणि ती मार्तला ऐकू आली नसती. वर कुणी आलं नाही. येऊ नका असं कुणी म्हटलं नाही, म्हणून सोमवारी ती गेली.

भांड्यांच्या मोरीवर तडा गेलेला एक लहान आरसा टांगलेला होता. आधी तो नव्हता. त्यात जिन्याची शेवटची पायरी दिसत होती, आणि नायक तिथं येऊन थांबला तेव्हा त्याचं तोंड. पहिल्या वेळी तिचा आवाज कापला. दुसऱ्यांदा शॉट झाला. ब्रिसार पुढच्या शॉटकडे वळला.

चित्रीकरण संपलं त्या दिवशी आरशासमोर पुन्हा एक गुच्छ होता, वरपर्यंत कागदात बंद. चिठ्ठीवर ब्रिसारची सही. जिनेत कुठं दिसेना. मार्तला कागद सोडवायचा धीर होईना. शेवटी तिनं डोळे मिटून दोन बोटं आत सरकवली.

काटा रुतला. बोट तोंडात धरून ती हळूच खुर्चीवर बसली.