सगळं धरून

वडिलांच्या कारखान्यात पंचवीस वर्षं झालेल्यांना मालाडकडच्या समुद्रकाठी एका हॉटेलात कुटुंबासह दोन दिवस राहायला मिळायचं. ‘राहणं, खाणं, पोहणं, सगळं धरून,’ असं वडील घाटकोपरच्या आमच्या चाळीत भेटेल त्याला सांगत सुटले. पोहता आमच्यापैकी कुणालाच येत नव्हतं. मी तेव्हा आठवीत होते.

माझी मोठी बहीण काविळीने गेली, त्याला सात महिने झाले होते. तेव्हापासून आई निवांत बसलेली मी पाहिली नव्हती. डबे घासून झाले की पुन्हा तेच डबे काढायची. ताईचं नाव मात्र घरात कुणी काढत नसे. आईला जरा आराम मिळाला की ती सावरेल, असं वडिलांनी परस्पर ठरवून टाकलं होतं. त्यांच्या या ठरवून टाकण्याचा मला फार राग यायचा.

हॉटेलात आम्ही रात्री उशिरा, जेवूनच पोहोचलो. दुसऱ्या दिवशी सकाळी आईने चहाचे कप बाथरूममध्ये विसळले, खोली आवरणारा माणूस यायच्या आत चादरी नीट केल्या. “अगं, तू काही करायचं नाहीस इथे. सगळं धरून आहे ना,” वडील म्हणाले. मग ती खरंच व्हरांड्यातल्या खुर्चीवर बसली. समोर लोक पाण्यात डुंबत होते, आइस्क्रीमवर आइस्क्रीम खात होते, आणि रिकामे हात मांडीवर ठेवून माझी आई बसल्या जागी खचत चालली होती. तिला घासायला एखादं भांडं आणून द्यावं, असं मला वाटत होतं.

दुपारी जेवायला गेलो तर टेबलावर चार ताटं.

“अजून एक जण यायचंय का?” वेटरने विचारलं.

वडिलांचा चेहरा उतरला. “फॉर्मवर घरातली माणसं विचारली होती,” ते आईला म्हणाले, “सवयीने चार लिहून गेलो गं.” मग वेटरला म्हणाले, “ते ताट उचला.”

“राहू दे,” आई म्हणाली. “वाढा.”

त्याने भात वाढला, वर वरण. ताईला लिंबाशिवाय वरणभात चालायचा नाही. आईने आपल्या ताटातली फोड उचलून त्यावर पिळली.

“तुम्ही तरी धरलंत तिला,” ती वडिलांना म्हणाली, आणि सात महिन्यांत पहिल्यांदा, सगळ्यांदेखत, रडली.