दोना सेलिनांची तिसरी घंटा

सकाळी कॉफीच्या वेळी दारावर टकटक झाली तेव्हाच मी चरकले. त्या वेळी येणाऱ्या, माझं दार टकटक न करता उघडणाऱ्या एकच... दोना सेलिना. दोना म्हणजे ब्राझीलकडचं 'बाई'. दारात त्यांची मुलगी लुसिया होती. "ममा झोपेतच गेली," एवढंच म्हणाली. त्याला आता महिना होईल.

टोरांटोतल्या एटोबिको भागातल्या आमच्या कॉन्डोत आमची दारं समोरासमोर. ब्राझीलमध्ये त्या केवढ्या मोठ्या नटी, हे मला कळलं ग्रोसरीच्या रांगेत. एका ब्राझिलियन आजीबाईंनी त्यांना पाहताच चांगलंच फैलावर घेतलं. कुठल्याशा मालिकेत दोनांनी सुनेला घराबाहेर काढलं होतं. मालिका कधीच संपली, राग ताजा होता. दोनांनी मान खाली घालून रीतसर माफी मागितली आणि बाहेर पार्किंगमध्ये पोट धरधरून हसल्या. रंगभूमीवर राण्या, टीव्हीवर खाष्ट सासवा आणि सिनेमात, त्यांच्याच शब्दांत, "म्हातारपणी दोनच कामं, आजी नाहीतर प्रेत."

इतकी मोठी बाई सगळं सोडून लेकीकडे का आली, हे त्यांनी एका दुपारी सांगितलं. साओ पाउलोत भर प्रयोगात त्यांना वाक्य आठवेना. नुसत्या उभ्या राहिल्या. प्रेक्षकांना वाटलं, काय हा अभिनय... टाळ्यांचा कडकडाट झाला. त्यातच त्या आतून संपल्या. पुन्हा रंगमंचावर पाऊल ठेवायचं नाही, असं त्यांनी ठरवून टाकलं होतं.

आमच्या मराठी मंडळाचं दिवाळीचं नाटक मी बसवते. तालमींना दोना कोपऱ्यात येऊन बसत. मराठीचा गंध नव्हता, पण कोण मनापासून बोलतंय ते बरोबर ओळखत. आमचा नायक अभिजित, नागपूरचा, सॉफ्टवेअरमधला. हा समोरच्याचं ऐकत नाही, आपली पाळी येण्याची वाट बघतो, असं त्या म्हणाल्या. तेव्हापासून त्याची बायको दोनांची भक्त झाली. ऐन वेळी आजीचं काम करणाऱ्या बाईंना लेकीच्या बाळंतपणासाठी ग्वेल्फला पळावं लागलं. मी आजीला मुकी करून टाकलं आणि दोनांना गळ घातली.

"आणि मी विसरले तर?" त्यांनी विचारलं.

"विसरायला वाक्यच नाहीये तुम्हाला."

शेवटी म्हणाल्या, येते, पण घंटा मी वाजवणार. नाटकाआधी तीन घंटा त्यांच्याकडेही होतात! मी माझ्या देवघरातली घंटा नेली. दोन झाल्या. तिसरीला हात इतका थरथरत होता, की घंटा आपोआपच वाजली.

दुसऱ्या अंकात पाहुणे रागावून निघतात आणि अभिजितने त्यांना अडवायचं असतं. पठ्ठ्या वाक्य विसरला. तेवढ्यात मुकी आजी खुर्चीतून उठली आणि खणखणीत मराठीत म्हणाली, "चहा घेतल्याशिवाय या घरातून कोणी जायचं नाही!" तालमींत ऐकून ऐकून पाठ झालेलं अभिजितचंच वाक्य! सभागृह हसून लोळलं. विंगेत येऊन त्या माझ्या गळ्यात पडल्या आणि लहान मुलीसारख्या रडल्या. "मीना, मला आठवलं," एवढंच म्हणत होत्या.

तेच त्यांचं एकुलतं एक मराठी वाक्य. पुढे घरी आलेल्या प्रत्येकाला, अगदी कुरिअरवाल्यालाही ते ऐकवून त्या काळीकुट्ट कॉफी पाजत. घंटा मात्र परत दिली नाही. मागितली की त्यांना नेमकं ऐकू येत नसे.

अंत्यविधीनंतर त्यांच्या घरून मंडळी निघायला उठली, तेव्हा लुसियाने शेल्फवरची घंटा तीनदा वाजवली आणि दारात आडवी उभी राहून, अडखळत, आईचं ते वाक्य म्हणाली. सगळे मुकाट्याने परत बसले. "काकू, वाक्य माझं होतं हं," अभिजित डोळे पुसत माझ्या कानात पुटपुटला, आणि मला त्या घरात, त्या दिवशी, चक्क हसू फुटलं.

घंटा मी अजून मागितलेली नाही. हल्ली सकाळी समोरून ती तीनदा ऐकू येते. मग कॉफीचं भांडं घेऊन लुसिया सरळ आत येते. टकटक करत नाही.