निळ्या सफारीतली पाठ

ईश्वरकाकांच्या स्टुडिओवर पाटी आहे ‘गिरिजा फोटो’. नवं लग्न झालं तेव्हा त्यांनी कौतुकाने बायकोचं नाव दिलं. आता तीच पाटी त्यांना टोचते. कारण त्र्याण्णव साली गिरिजाकाकूंनी फोर्टातली टायपिस्टची पक्की नोकरी सोडली, बोरिवलीला जाऊन व्हिडिओ मिक्सिंग शिकल्या आणि स्टुडिओच्या मागच्या खोलीत लग्नाच्या व्हिडिओचं काम मांडलं. तेव्हापासून भाईंदरात गिऱ्हाईक येतं ते विचारतच, "कॅसेटवाल्या बाई आहेत का?"

"आऽहेत," काका नाकातून म्हणतात. "मी शोकेसमध्ये ठेवलेला आहे."

व्हिडिओ मिक्सर आला त्या दिवशी काकूंनी मला, म्हणजे पुतणीला, निळ्या पडद्यासमोर उभं केलं. मशिनने पडद्याचा निळा रंग पुसून तिथे दुसरं चित्र बसवलं, आणि टीव्हीवर मी थेट बर्फात. मी काकांना हाका मारल्या, पण ते आले नाहीत.

"त्या खोलीत मी पाय ठेवत नाही. कला डार्करूममध्ये असते. बटणं काय, लिफ्टमनपण दाबतो."

मग उत्तनहून रुथआंटी आल्या. लेकीचं, लिनेटचं लग्न होतं. "ईश्वरभाव, फोटू थोडंच कारा. कॅसेट फुल पायजे. आमचा कार्ल कुवेतला हाय, त्याला धाडायची."

काकूंची ही पहिली मोठी ऑर्डर. काकांनी त्या दिवशी जेवताना आमटीला नावं ठेवली.

लग्नाला ते नव्या निळ्या सफारीत आले. उंबराच्या पाण्याला, म्हणजे नवरीच्या अंघोळीचं पाणी आणायला, बँड वाजवत बायका विहिरीवर निघाल्या. काकूंनी कॅमेरा रोखला की काका मध्ये हजर. "एक मिनिट हं. हनुवटी खाली. स्माऽईल." विहिरीवर तेच, चर्चमध्ये अंगठ्या घालताना तेच, केक कापतानाही तेच.

"अहो, सरका ना."

"फोटोग्राफर आहे मी. भूत नाही, आरपार दिसायला."

घरी येऊन कॅसेट लावली. जिथेतिथे काकांची रुंद निळी पाठ. काकू कपाळाला हात लावून बसल्या. ही कॅसेट परत आली तर उत्तनमधून दुसरं काम मिळणार नव्हतं, आणि नोकरी तर सोडलेली. बऱ्याच वेळाने त्या बाहेर आल्या.

"तुमचे फोटो द्या जरा."

"आलीस ना शेवटी फोटोवर," काका म्हणाले आणि पाकीट असं दिलं, जणू दान करतायत.

रुथआंटींच्या ओट्यावर अख्खी आळी कॅसेट बघायला जमली. बँड वाजला, पडद्यावर पाठ आली. काका चप्पल न्याहाळू लागले. तेवढ्यात पाठीतला निळा रंग गेला आणि आत लिनेट हसताना दिसली, काकांनीच काढलेली. चर्चमध्ये पाठीत अंगठीवाले हात, केकच्या वेळी पाठीत रुथआंटींचे भरलेले डोळे. ओटा टाळ्यांनी दणाणला.

"गिरिजाबाय, काय डोकं हाय गं तुजं," रुथआंटी म्हणाल्या. तिथल्या तिथे शेजारणीने पोराच्या लग्नाचं काम दिलं. अट एकच, "तो पाठवाला मानूस पायजे."

परतताना रिक्षात काका धुमसत होते. "फोटो माझे, पाठ माझी. टाळ्या हिला."

"मग काय करू?"

"पुढच्या कॅसेटला माझं नाव पहिलं. तुझ्या आधी. त्याच पाठीवर, मोठ्ठं."

"टाकते की. कुठल्या रंगात?"

"निळ्या. सफारीच्या. लोकांना कळू दे तो माणूस कोण."

काकूंनी माझ्याकडे पाहिलं. मी हसू दाबत मिठागरांकडे बघत राहिले.

"बरं," काकू म्हणाल्या. "निळ्याच टाकते."