बटणं लावलेला स्वेटर

काजवाला शिंपीमास्तरांच्या दुकानात दिवसभर मान खाली घालून कपड्यांना काजं करायचा आणि बटणं लावायचा. शर्ट बेतायचे मास्तर, शिवायचे मास्तर आणि गिऱ्हाइकाची शाबासकी घ्यायचेही मास्तरच. पण त्या शर्टाचं बटण कधी तुटत नसे, ते याच्या हातामुळे. माणूस तसा मुखदुर्बळ. घरातलं बोलायचं काम बायकोकडे होतं आणि तिनं ते कधी अंगाबाहेर टाकलं नाही. संध्याकाळी तो गल्लीच्या तोंडाशी दिसला की ती वरच्या खिडकीतून खाली वाकून तिथूनच सुरुवात करायची. सगळ्या गल्लीला त्यांच्या घरातली मिठाची बरणी रिकामी झाल्याचं त्याच्याआधी कळायचं. मग ती गेली आणि घर मुकं झालं.

त्या गावात थंडी पडली की धुकोबा उतरत. हे साधं धुकं नव्हे. ताऱ्यांच्या पलीकडून कुठून तरी यायचे. स्वतःचा म्हणून आकार नाही, त्यामुळे मिळेल त्या पोकळीत शिरून तिचा आकार घ्यायचे. काही भांड्यांत शिरत, काही जोड्यांत, आणि सगळ्यांत चिवट ते कपड्यांत शिरणारे. विरळ असताना शिवणीतूनसुद्धा आत जात, पण आत जाऊन दाट झाले की त्यांना आपलं आपण बाहेर पडता येत नसे. कुणीतरी बटणं काढावी लागत. कुणाच्या अध्यात ना मध्यात, पण घरभर ओल. म्हणून थंडीत कुणीही बटणं लावलेला कपडा टांगत नसे. बटणं उघडी, बाह्यांना गाठ. शेंबड्या पोरालाही हे ठाऊक असायचं.

बायकोच्या माघारी पहिलीच थंडी पडली तेव्हा काजवाल्यानं तिचा तपकिरी स्वेटर खिडकीपाशी खुर्चीच्या पाठीला अडकवला आणि खालपासून गळ्यापर्यंत सगळी बटणं लावली. चुकून नव्हे. ज्याचा जन्म बटणं लावण्यात गेला, तो चुकून बटण लावत नाही.

सकाळी स्वेटर भरलेला होता. खांदे होते, बाह्यांत हातासारखं काहीतरी होतं, गळ्यावर पांढुरका गोळा. चेहरा नव्हता. काजवाल्याला त्याची भीती वाटली नाही. त्यानं चहा टाकला, समोर बसला आणि चक्क बोलायला लागला. मास्तरांचा चिक्कूपणा, एका गिऱ्हाइकाचं वाढलेलं पोट, असं काहीबाही. समोरून उत्तर येत नव्हतं, पण भिंतीशी बोलण्यापेक्षा ते बरं होतं. भिंतीला लवकरच बुरशी धरली आणि काजवाल्याला खोकला.

खोकला हटेना म्हणून धाकटी बहीण बघायला आली आणि दारातच थबकली. तिनं आधी भिंत पाहिली, मग खुर्ची. ओरडली नाही. शेजारी बसून हळूच म्हणाली, "दादा, ही वहिनी नाही."

"मला कळतं गं ते."

"मग?"

"खुर्ची रिकामी दिसत नाही, एवढंच."

बहिणीनं डोळे पुसले. जाताना मात्र तिनं बजावलं की थंडी सरली आणि हे धुकोबा परतायला लागले की याला सोड. मागे राहिलेल्याला पुढच्या थंडीत त्याची माणसं ओळखत नाहीत, हे तुला ठाऊक आहे. काजवाला हो म्हणाला. हो म्हणायला काय जातं?

थंडी सरली. घराघरांतून लोक खिडक्या उघडून कपडे झटकू लागले. काजवाल्याची खिडकी बंद. उलट तो खुशीत होता, कारण धुकोबा आता खुर्चीवरून उठून खिडकीत उभा राहू लागला होता. संध्याकाळी गल्लीच्या तोंडाशी आलं की वर तपकिरी स्वेटर दिसायचा. एकदा दुकानातून निघताना तो मास्तरांना बोलून गेला, "घरी वाट बघत असतील." मास्तरांची कात्री कापडातच थांबली.

त्या संध्याकाळी त्यानं खालून हात केला. स्वेटर हलला नाही. बायको खाली वाकून बघायची; हा ताठ उभा होता, काचेला चिकटून. काजवाला वर गेला, त्याच्या शेजारी उभा राहिला आणि तो बघत होता तिकडे बघू लागला. गल्लीकडे नव्हेच, छपरांवर. तिथून पांढऱ्या रेघा वर चालल्या होत्या. थोड्याच उरल्या होत्या.

आपलीच कुणी वाट बघतंय असं समजून आपण ह्याला कोंडून ठेवलं, हे काजवाल्याच्या लक्षात आलं आणि त्याला स्वतःची लाज वाटली. त्यानं खिडकी उघडली, बटणं काढायला घेतली. या स्वेटरची बटणं सारखी निसटायची म्हणून त्याची काजं त्यानंच दोऱ्यानं घट्ट बांधून दिली होती; आता ती ओलीनं आणखी आवळली होती. एकेक करत निघाली. गळ्याचं निघेना. बाहेर शेवटची रेघ छपरापासून सुटली. एकदा केलेलं काज काजवाल्यानं आयुष्यात कधी कापलं नव्हतं. त्यानं कात्री घेतली आणि कापलं.

धुकोबा सरळ खिडकीबाहेर गेला. मागे वळला नाही, आणि का वळावं त्यानं? तरी काजवाल्याला वाईट वाटलं. त्यानं स्वेटर उचलून नाकाशी धरला. तिच्या तेलाचा, तिच्या अंगाचा वास त्यात होता. तेवढ्यासाठी तर तो इतके दिवस कधी धुतला नव्हता. आता नुसत्या ओलीचा वास येत होता. तिथं जमिनीवर बसून काजवाला रडला. बायको गेली तेव्हाही त्याला असं रडता आलं नव्हतं.

मग त्यानं स्वेटर पिळून दोरीवर टाकला, सवयीनं बाह्यांना गाठ मारली आणि बहिणीच्या घरी गेला. "सोडला गं," एवढंच म्हणाला. बहिणीनं आणखी एक ताट घेतलं.