जड तेल उतरेपर्यंत

हैतीच्या दक्षिणेला, डोंगरउतारावरच्या त्या भट्टीत वाळ्याचं तेल काढताना कुणी मोठ्याने बोलत नसे. त्या गुरुवारी तर सिल्फिदा श्वाससुद्धा जपून घेत होती. नवरा गेल्यापासून भट्टी तीच सांभाळायची, आणि आज भांड्यात अकरा घरांची दीड वर्षाची मुळं वाफेवर होती.

दहा वाजून वीस मिनिटांनी शेजारचा दियेदोने धापा टाकत आला. "मावशी, लाकडाचा ट्रक नदीपलीकडेच अडकलाय. पाणी उतरल्याशिवाय येत नाही."

सरपण फार तर तासाभराचं उरलं होतं. हलकं तेल उतरून झालं होतं. अत्तरवाले ज्याच्यावर जीव टाकतात ते जड तेल शेवटच्या चार तासांत येतं. वाफ तुटली की सगळं वाया.

अत्तराच्या कारखान्याचा परदेशी माणूस कालपासून गावात होता. माल पसंत पडला तर गावाशी थेट करार, नाहीतर पुन्हा शहरातल्या दलालाच्या दारात. आंब्याखाली बसून त्याने घड्याळ पाहिलं. "जाऊ द्या हो, बाई. तुमच्या देशात हे चालायचंच."

"कॉफी घ्या," ती म्हणाली.

दियेदोनेने कुऱ्हाड उचलली. "हा आंबाच तोडू?"

"ओलं लाकूड घालून नुसता धूर काढशील. आणि पाहुण्याला उन्हात बसवशील. शंख फुंक!"

शंख ऐकून लोक कुदळी घेऊनच धावले. कुणाच्या तरी शेतावर मिळून राबायला बोलावलं असेल, असं त्यांना वाटलं. सिल्फिदा मात्र घरातून गादी ओढत येत होती. गावातल्या साऱ्या गाद्या तेल काढून उरलेल्या मुळांनीच भरलेल्या. तिने शिवण टराटरा उसवली आणि कोरडी मुळं आगीत लोटली. दाबाचा काटा थरथरला, थांबला, चढला.

"माझी तिन्ही बाळंतपणं झालीत माझ्या गादीवर!" जमावातली मिर्लांद कुरकुरली.

"मग छान पेटेल. आण."

नवव्या गादीनंतर काटा पुन्हा घसरू लागला. तेवढ्यात दियेदोने लग्नातली नवी गादी डोक्यावर घेऊन आला. मागून बायको शिव्या घालत होती, पण गादीचं दुसरं टोक तिनेच धरलं होतं.

अडीच वाजता नळीतून दाट, तांबूस थेंब पडू लागले. परदेशी माणूस आपणहून उठून आला. त्याने कागदाची पट्टी बुडवून हुंगली, डोळे मिटून पुन्हा हुंगली.

"करार आजच करू," तो म्हणाला.

"करू की. पण भांड्यातली ही मुळं वाळून गाद्या पुन्हा भरायला तीन दिवस लागतील, आणि नदी काही तुम्हाला जाऊ देत नाही." सिल्फिदाने पहिल्यांदाच घाम पुसला. "आज सगळं गाव चटईवर झोपणार. तुम्हीसुद्धा."